वाड्याच्या भिंतीला कोणता चुना? बाजारात मिळणाऱ्या पाच मालांची पारख

पुण्यात कसबा, शनिवार, सदाशिव, नारायण या पेठांतून जे वाडे उरलेत, त्यांपैकी कुठल्याही एकाच्या बाहेरच्या भिंतीवर, जोत्याच्या हातभर वर, बोटाच्या पेराने टकटक करून बघावं. गिलावा सिमेंटचा असेल तर बऱ्याचदा आवाज पोकळ येतो. तिथे छिन्नी लावली की अख्खी खपली सुटते, आणि तिच्या पाठीला चिकटून विटेचा थरही निघून येतो. आत भिंतीवर लोणा, म्हणजे ओलीबरोबर बाहेर आलेला क्षार, फुललेला असतो. तळहाताने झाडला तर मिठासारखा खाली पडतो. मग गवंडी म्हणतो, आधीचं काम कच्चं होतं, आता चांगलं तगडं सिमेंट मारू. दोन-तीन पावसाळे जातात आणि भिंत आणखी बोटभर आत गेलेली असते.

आता बरेच मालक, भाडेकरूंच्या सोसायट्या आणि काही ठेकेदारही चुन्याकडे वळू लागलेत, ही फार चांगली गोष्ट आहे. पण दुकानात गेल्यावर ‘चुना द्या’ म्हटलं की पाच वेगवेगळ्या वस्तू पुढे येतात आणि त्यांतली प्रत्येक वाड्याच्या प्रत्येक भिंतीला चालत नाही. ही पारख त्या पाचांची आहे. कंपन्यांची नावं मुद्दाम घेतलेली नाहीत, कारण एकाच छापाच्या दोन पिशव्यांत किती जुना माल आहे यावर फरक पडतो. पिशवी कशी तपासायची हे कळलं की छाप कुठला हा प्रश्न मागे पडतो.

आधी भिंतीविषयी, कारण चुना भिंतीसाठी घ्यायचा आहे. पेठेतला नेहमीचा वाडा म्हणजे घडीव काळ्या दगडाचं जोतं, त्यावर सागवानी खांब आणि तुळयांचा सांगाडा, आणि मधल्या भरावाला पातळ भाजक्या विटा. वरच्या मजल्यांवर आणि आतल्या भिंतींत कच्च्या विटा किंवा पांढरी माती सर्रास सापडते. शनिवारवाडा १७३२ साली बांधून झाला आणि १८२८ च्या आगीत लाकूडकामासकट वरचं सगळं गेलं. आज तिथे उघडी पडलेली जोती पाहिली की हा सगळा डोलारा कशावर उभा होता ते कळतं. १२ जुलै १९६१ ला पानशेतचं धरण फुटलं तेव्हा मुठेकाठच्या पेठांतल्या मातीच्या भिंती पाण्यात विरघळून बसल्या. त्यानंतर ‘माती-चुना नको, सिमेंटच हवं’ ही भावना लोकांच्या मनात पक्की झाली, आणि ती समजण्यासारखी आहे. त्यात १९४७ च्या भाडेनियंत्रण कायद्याने भाडी गोठलेली. दहा-वीस रुपये भाड्याच्या खोल्यांसाठी कोण चुना मुरवत बसणार? जिथे पडलं तिथे एक पोतं सिमेंट आणून लिंपलं जायचं. आज आपण त्या लिंपणाचे परिणाम निस्तरतो आहोत.

बिघाड कसा होतो ते नीट समजून घ्यावं. जमिनीतली ओल जोत्याच्या सांध्यांतून वर चढते. या घरांना ओल अडवणारा थर नसतोच. चुन्याचा गिलावा असेल तर ही ओल भिंतीच्या तोंडावर येऊन उडून जाते, क्षार गिलाव्यातच साठतात, आणि दहा-पंधरा वर्षांनी तो गिलावा बदलायचा असतो. झिजायचं ते गिलाव्याने, विटेने नव्हे. सिमेंटने तोंड बंद झालं की ओल वाट शोधत वर चढते, भिंतीत घुसवलेल्या तुळईच्या टोकापर्यंत पोचते, आणि ते टोक आतल्या आत कुजतं. वाळवीही तिथेच लागते. शिवाय सागवानी सांगाडा ऋतूनुसार थोडा हलतो. चुना ती हालचाल बऱ्याच अंशी सोसतो. सिमेंटला केसासारखी भेग जाते, पाऊस त्या भेगेतून आत शिरतो, पण बाहेर पडायला त्याला जागा नसते. ताकदीचा आकडाच बघा. ५३ ग्रेड सिमेंटचा प्रमाणित ठोकळा २८ दिवसांनी दर चौरस मिलिमीटरला निदान ५३ न्यूटन दाब सोसतो. चांगल्या चुन्याच्या गिलाव्याला १ ते २ न्यूटन पुरतात. वाड्याची पातळ वीट या दोन्हींच्या मधली, आणि सिमेंटपेक्षा कितीतरी मऊ. गिलावा नेहमी भिंतीपेक्षा मऊ असावा, या एका कसोटीवर पाचही माल तपासले आहेत.

पहिला माल: फक्की

कोरडी पांढरी पूड, २५ किलोच्या पिशवीत, सगळ्यांत स्वस्त आणि कुठेही मिळणारी. हा कारखान्यात पाणी घालून विझवलेला चुना, म्हणजे कॅल्शियम हायड्रॉक्साइड. वाईट वस्तू नाही, पण सगळ्यात जास्त फसवणूक याच्यातच होते. मैदानावर रेषा आखायला किंवा गटाराकडेला टाकायला ‘फक्की’ म्हणून जे विकतात ते पुष्कळदा दगडाची किंवा डोलोमाइटची नुसती भुकटी असते. ती कधीच धरणार नाही, म्हणजे घट्ट होणार नाही. दुसरा धोका म्हणजे शिळी पिशवी. विझलेला चुना हवेतला कार्बन डायऑक्साइड ओढून घेतो आणि हळूहळू परत चुनखडी होतो. गोदामात सहा-आठ महिने पडलेल्या, शिवण उसवलेल्या पिशवीत अर्धा माल मेलेला असू शकतो आणि दिसायला तो तसाच पांढरा.

तपासणी अगदी सोपी आहे. चमचाभर पूड काचेच्या ग्लासात घ्या आणि वर व्हिनेगर टाका. ताजा चुना गुपचूप विरघळतो. भरभरून फेस आला तर ती चुनखडीची भुकटी आहे किंवा शिळा माल आहे, दोन्ही परत. पिशवीच्या मधोमध आणि शिवणीजवळून असे दोन नमुने घ्या. शिवणीजवळ थोडे बुडबुडे चालतील, मधोमध नकोत. पिशवीवर आयएस ७१२ हा भारतीय मानकाचा क्रमांक आणि चुन्याचा वर्ग छापलेला असावा. आपल्या कामाला बहुधा ‘क’ वर्ग येतो, इंग्रजी अक्षरात ‘सी’, म्हणजे शुद्ध, मऊ चुना.

फक्की थेट वाळूत मिसळून लगेच थापू नका. आदल्या दिवशी पाण्यात भिजवून दाट लगदा करा आणि निदान २४ तास झाकून ठेवा. लोण्यासारखेपणा पुष्कळ सुधारतो. घमेल्याने मोजत असाल तर एक गोष्ट ध्यानात ठेवा. कोरडी फक्की फुगीर असते, लिटरला साधारण अर्धा किलो. त्यामुळे घमेलंभर फक्कीत घमेलंभर मुरवलेल्या (पाण्याखाली ठेवून मऊ केलेल्या) चुन्यापेक्षा चुना कमीच येतो. मुरवलेला चुना १:३ ला (एक भाग चुना, तीन भाग वाळू) चालत असेल तिथे फक्की १:२.५ घ्या. आतल्या कोरड्या भिंती, माळ्यावरची डागडुजी आणि मातीच्या गिलाव्यात घालायला फक्की ठीक. पावसाच्या माऱ्याच्या भिंतीला नाही.

दुसरा: डब्यातला मुरवलेला चुना

हल्ली प्लॅस्टिकच्या बादल्यांतून आणि ड्रमांतून तयार मुरवलेला चुना मिळतो. वाड्याच्या गिलाव्यासाठी हाच पहिला पर्याय, असं निःसंकोच सांगता येतं. पाण्याखाली राहिलेल्या चुन्याला हवा लागत नाही, म्हणून तो शिळा होत नाही. उलट काळ जाईल तसा अधिक मऊ, अधिक चिवट होतो. गिलाव्याला निदान तीन आठवडे मुरलेला हवा, शेवटच्या गुळगुळीत हातासाठी तीन महिने. डब्यावर विझवल्याची तारीख नसेल तर विक्रेत्याला विचारा. ‘तयार आहे, वापरा’ एवढंच उत्तर मिळालं तर दुसरीकडे जा.

झाकण उघडल्यावर वर पाण्याचा थर दिसायला हवा. चुना थापीवर घेऊन थापी उलटी करा: चांगला माल क्षणभर चिकटून राहतो, पाणचट माल लगेच घसरतो. हातमोजा घालून बोटांत चोळा. रवाळ लागता कामा नये. मग वजन करा. एक लिटरचं माप काठोकाठ भरून बाहेरचं पुसून घ्या. मापाचं वजन वजा करून १.३ ते १.४ किलो भरलं तर योग्य. १.४५ च्या वर गेलं तर त्यात दगडाची भुकटी असण्याचा संशय घ्यावा किंवा पाणी फार निथळलेलं आहे, १.२५ च्या खाली आलं तर तुम्ही पाण्याचे पैसे देताय. या मालात एरवीही निम्म्याच्या आसपास वजन पाण्याचं असतं, म्हणून किलोच्या भावाने फक्कीशी तुलना करू नये.

दोष काय? वाहतूक महाग पडते, आणि पेठेतल्या बोळात ४० किलोचे ड्रम माणसानेच वाहावे लागतात. दुसरा दोष मालाचा नाही, आपल्या भूगोलाचा आहे, आणि तो फार कमी लोक ध्यानात घेतात. दख्खनच्या पठारावर काळा पाषाण आहे, चुनखडक नाही. जुन्या काळी इथला चुना काळ्या मातीत सापडणारे चुनखडे वेचून, भट्टीत भाजून केला जायचा. त्या खड्यांत चिकणमाती असते, त्यामुळे तो चुना थोडा पाण्यातही धरणारा होता. आज बाजारात येणारा पांढराशुभ्र चुना बहुतेक राजस्थानातून, जोधपूर-नागौर पट्ट्यातून येतो. तो अतिशय शुद्ध, आणि म्हणूनच नुसत्या हवेवर, अगदी सावकाश धरणारा. म्हणजे पेशवाईतल्या भिंतीला आज आपण तिच्या मूळ चुन्यापेक्षा वेगळा चुना लावत असतो. ही उणीव सुरखीने, म्हणजे भाजक्या विटेच्या भुकटीने, भरून निघते. पावसाला तोंड देणाऱ्या भिंतीला १ भाग चुना, १ भाग सुरखी, २ भाग वाळू हे प्रमाण धरावं. आतल्या भिंतीला सुरखी अर्धा भाग पुरते.

सुरखी मात्र पारखून घ्या. बाजारात लाल भुकटी म्हणून जे येतं त्यात भट्टीतली राख आणि जळून काळसर झालेल्या विटांचा चुरा मिसळलेला असतो. फार भाजलेली वीट काचेसारखी होते आणि चुन्याशी तिची काही क्रिया होत नाही. बेताने भाजलेली, नख मारलं तर ओरखडा उठणारी वीट कुटून चाळलेली हवी. परीक्षा अशी: सुरखी आणि मुरवलेला चुना समभाग मळून लिंबाएवढा गोळा करा, दोन दिवस ओलसर कापडात गुंडाळून ठेवा, मग पेलाभर पाण्यात सोडा. दोन आठवड्यांनी गोळा घट्ट राहिला तर सुरखी जिवंत आहे. लगदा झाला तर ती नुसती लाल माती.

तिसरा: कळीचा चुना, जागेवर विझवून

कळी म्हणजे भट्टीतून निघालेला, अजून न विझवलेला चुना. जागा असेल, हाताशी जाणता माणूस असेल आणि दोन-तीन महिने थांबायची तयारी असेल तर याहून चांगला चुना नाही. वाड्याच्या चौकात किंवा परसात हौद करता येतो. मात्र पेठेतल्या अरुंद वाड्यात, जिथे वर भाडेकरू राहतात आणि मुलं खेळतात, तिथे हा पर्याय सोडून द्यावा. चुना विझताना पाणी उकळतं आणि शिंतोडे उडतात. डोळ्यात गेला तर दृष्टी जाऊ शकते. चष्मा, लांब हातमोजे, पूर्ण बाह्यांचे कपडे आणि शेजारी स्वच्छ पाण्याची बादली याशिवाय सुरुवातच करू नये. डोळ्यात गेलाच तर निदान पंधरा-वीस मिनिटं सतत पाण्याने धुऊन लगेच दवाखाना.

कळी घेताना खडा उचलून बघा. तो भाजलेला, हलका आणि टणटणीत हवा. पोत्याच्या तळाशी भुकटी जमली असेल तर माल आधीच हवेवर विझला आहे. मुठीएवढा खडा लोखंडी घमेल्यातल्या पाण्यात टाकला की काही मिनिटांतच सूं करून तडकायला हवा. अर्धा तास नुसता बसून राहिला तर तो जास्त भाजलेला आहे किंवा त्यात मॅग्नेशियम भरपूर आहे. असे खडे मागाहून, म्हणजे गिलाव्यात गेल्यानंतर विझतात आणि फुगतात. महिना-दोन महिन्यांनी भिंतीवर वाटाण्याएवढे खळगे पडतात आणि प्रत्येक खळग्याच्या तळाशी पांढरा ठिपका दिसतो. तो ठिपका दिसला की रंगाऱ्याला दोष देऊ नका. चुना नीट विझलेला आणि गाळलेला नव्हता.

विझवण्याची रीत: आधी पाणी, मग त्यात चुना. उलट कधीच नाही. मापाने एका भाग कळीला अडीच-तीन भाग पाणी. लांब दांड्याच्या खोऱ्याने हलवत राहायचं, घट्ट होऊ लागलं की पाणी वाढवायचं, चुना कोरडा पडू द्यायचा नाही. कोरडा पडून तापला तर तो जळतो आणि रवाळ होतो. प्लॅस्टिकचं पिंप या कामाला नको, वितळतं. दुसऱ्या दिवशी बारीक चाळणीतून गाळून हौदात सोडायचा आणि वर दोन-तीन इंच पाणी कायम ठेवायचं. रसायनाचा हिशोब सांगायचा तर ५६ किलो शुद्ध कळी १८ किलो पाणी शोषून ७४ किलो विझलेला चुना होते. बाकीचं पाणी वाफेत जातं आणि लगद्यात राहतं. म्हणून एक पोतं कळी पाहता पाहता हौद भरते.

मळणीबद्दलही सांगायला हवं. कितीतरी किल्ल्यांवर चुन्याची घाणी आजही दिसते: गोल दगडी चर आणि त्यात फिरणारं दगडी चाक. चुना आणि वाळू एकत्र करणं एवढंच तिचं काम नव्हतं. वाळूच्या प्रत्येक कणाला चुन्याचं लेपण होईपर्यंत ती माल चेपत, मळत राहायची. आजच्या फिरत्या पिंपाच्या मिक्सरमध्ये चुन्याच्या गोळ्या होतात, मग कामगार पाणी ओततो, आणि त्या जास्तीच्या पाण्याने गिलावा सुकताना तडकतो. चाकाची यांत्रिक घाणी भाड्याने मिळाली तर जरूर घ्या. नाहीतर फळीवर दोन माणसांनी फावड्याच्या पाठीने कुटत मळावं. मळता मळता माल आपोआप सैल होतो, पाणी लागत नाही.

चौथा: आयात केलेला हायड्रॉलिक चुना

हायड्रॉलिक म्हणजे पाण्यातही धरणारा. हा एनएचएल (नॅचरल हायड्रॉलिक लाइम) २, ३.५ आणि ५ अशा तीन प्रतींत येतो. आकडा म्हणजे २८ दिवसांनंतरची किमान ताकद, दर चौरस मिलिमीटरला न्यूटनमध्ये. माल खरा आणि भरवशाचा, पण सगळ्यात महाग. जोत्याच्या दगडी सांध्यांना, पन्हळीखालच्या सतत भिजणाऱ्या पट्ट्याला, नदीकाठच्या घाटाच्या दुरुस्तीला ३.५ उत्तम. विटेच्या भिंतीला ५ नंबर लावू नका. ‘आकडा मोठा तर माल चांगला’ हे सिमेंटचं गणित इथे उलटं आहे. घेताना पिशवीवर ‘एनएचएल’ हीच तीन अक्षरं आहेत ना ते बघा. युरोपच्या त्याच मानकात नुसतं ‘एचएल’ आणि ‘एफएल’ असेही प्रकार आहेत, आणि त्यांत सिमेंट असू शकतं. भरल्याची तारीख वाचा, कारण समुद्रमार्गे येऊन आपल्या पावसाळ्यात गोदामात पडलेली पिशवी आतून खडे धरते. पाणी घातलेला माल त्याच दिवशी संपवा, दुसऱ्या दिवशी पाणी मारून जागा करू नका.

पाचवा: ‘हेरिटेज चुना गिलावा’ नावाची तयार पिशवी

पाणी घाला आणि थापा, अशी ही पिशवी. सगळ्याच वाईट नसतात, पण घटक छापलेले नसतील तर हात लावू नये. बऱ्याच मिश्रणांत पांढरं सिमेंट आणि ॲक्रिलिक असतं. सिमेंटमुळे माल कडक होतो, ॲक्रिलिकमुळे भिंतीचा श्वास कोंडतो. म्हणजे चुन्याच्या नावाखाली परत तेच. घरच्या घरी तपासता येतं. संध्याकाळी मूठभर माल भिजवून गोळा करा आणि तो पाण्याच्या मगात सोडा. सकाळी दगडासारखा घट्ट झाला असेल तर तो चुन्याच्या जिवावर घट्ट झालेला नाही. नुसता हवाई, म्हणजे हवेवर धरणारा, चुना पाण्याखाली धरतच नाही, आणि हायड्रॉलिक चुनाही एका रात्रीत इतका कडक होत नाही.

आता वाळू आणि काम

चांगला चुना घेऊन वाळूवर घालवलेली कामं पुष्कळ आहेत. नदीची वाळू मिळणं अवघड झाल्यामुळे काळ्या दगडाची क्रश सँड वापरावी लागते. तिचे कोनदार कण चुन्याला चांगले, पण तिच्यातली भुकटी घातक. भुकटीला पाणी जास्त लागतं आणि गिलाव्यावर जाळीसारख्या भेगा पडतात. धुतलेलीच घ्या. काचेच्या सरळ बाटलीत निम्मी वाळू, वर पाणी आणि चिमूटभर मीठ टाका, जोरात हलवा आणि तीन तास ठेवा. वाळूवर बसलेला गाळाचा थर वाळूच्या उंचीच्या शेकडा ८ पेक्षा जास्त असेल तर परत धुवा.

जुन्या गिलाव्याशी जुळवायचं असेल तर आतल्या बाजूचा, कधी सिमेंट न लागलेला एक खडा काढा, हलक्या हाताने फोडा आणि सौम्य हायड्रोक्लोरिक आम्लात सोडा. चुना विरघळून वाळू आणि सुरखी तळाशी उरते. तिचा रंग, जाडी आणि वजन यांवरून प्रमाणाचा चांगला अंदाज येतो. पुण्याकडे ही रीत चालते. कोकण-गोव्याकडच्या घरांत मात्र शिंपल्यांची वाळू असेल तर तीही विरघळते आणि चुना आहे त्यापेक्षा जास्त वाटतो.

सिमेंट काढताना छिन्नी आणि लहान हातोडा. ब्रेकर लावला तर विटा हलतात. लोणा कोरड्या ब्रशने झाडून गोळा करा आणि बाहेर फेका, पाण्याने धुऊ नका, नाहीतर तोच क्षार पुन्हा भिंतीत जिरतो. भिंत उघडी ठेवून एक उन्हाळा सुकू दिली तर फार बरं. सांधे २० मिलिमीटर खोल उकरा. भाजक्या विटेची भिंत आदल्या रात्री आणि पुन्हा थापण्याआधी भिजवा, नाहीतर वीट गिलाव्यातलं पाणी ओढून घेते आणि चुन्याची पूड होते. कच्च्या विटेची किंवा पांढऱ्या मातीची भिंत असेल तर असं भिजवू नका. नुसता फवारा मारा, पहिला हात तूस घातलेल्या मातीचा द्या, तो पूर्ण सुकला की मगच चुना.

पहिला हात १२ मिलिमीटर. थोडा ओढला, म्हणजे किंचित घट्ट झाला, की लाकडी रंध्याने दाबून बसवा आणि खरवडून ठेवा. सात ते दहा दिवसांनी दुसरा हात ८ मिलिमीटर. दोन्हींत केसभर भेगा दिसल्या तर माल ओला असतानाच फवारा मारून परत रंधा फिरवायचा. हे काम संध्याकाळी न चुकता करावं लागतं आणि रोजंदारीचा गवंडी नेमका तेव्हा घरी गेलेला असतो. ठेका देतानाच हे लिहून घ्या. पुढचे दोन आठवडे भिंतीसमोर ओलं गोणपाट टांगा, पण भिंतीला चिकटू देऊ नका. गूळ, बेलफळ, हिरडा यांचं पाणी घालायची जुनी रीत खरी आहे. गुळाने माल लवचीक होतो, पण धरायला वेळ घेतो, आणि जास्त झाला तर मुंग्या लागतात. आधी दोन हात चौरस नमुना करून महिनाभर पाहिल्याशिवाय संपूर्ण भिंतीला घालू नका.

हिशोब असा धरा: १०० चौरस फुटांना दोन हात मिळून २० मिलिमीटर जाडीचा गिलावा म्हणजे सुमारे १८५ लिटर माल, जुन्या भिंतीचे खोल सांधे आणि वाया जाणारा माल धरून २४० लिटर. १:३ प्रमाणाला वाळू साधारण २४० लिटर आणि मुरवलेला चुना ८० लिटर, म्हणजे सव्वाशे किलोच्या आत. चुना वाळूच्या कणांमधल्या पोकळीत बसतो, म्हणून दोन्हींची बेरीज करू नका. सुरखी घातली तर ती वाळूतून वजा.

दिवस निवडताना दसरा ते होळी. पावसाळ्यात बाहेरचं काम काढू नये. एप्रिल-मेच्या वाऱ्यात गिलावा वरून सुकतो आणि आत कच्चा राहतो. चुना किती धरला हे बघायला फिनॉल्फथॅलीनचं द्रावण प्रयोगशाळेच्या सामानाच्या दुकानात मिळतं. एका कोपऱ्यात टवका काढून थेंब टाका: न धरलेला भाग गर्द गुलाबी होतो, धरलेला तसाच राहतो. महिन्याभरात जेमतेम एक-दीड मिलिमीटरची पांढरी कड दिसेल, आत सगळं गुलाबी. घाबरू नका, त्याची चाल तेवढीच असते. पण या गुलाबी भिंतीवर प्लॅस्टिक पेंट लावला तर तिची हवाच बंद होते. वरून मुरवलेल्या चुन्याचीच सफेदी द्या, दुधाइतकी पातळ, तीन ते पाच हात, प्रत्येक हाताआधी भिंत ओलसर.

आणि बाहेरच्या दर्शनी भिंतीला हात लावण्याआधी वाडा महापालिकेच्या वारसा यादीत आहे का, कुठल्या श्रेणीत आहे, ते वारसा कक्षात विचारून घ्या. नमुना, घटक आणि जुन्या गिलाव्याचा आम्लात काढलेला निष्कर्ष अर्जासोबत जोडला तर अर्जाचं वजन वाढतं.

काम संपल्यावर ड्रमात चुना उरतोच. तो फेकू नका. वर चार बोटं पाणी घाला, झाकण घट्ट लावा, तारीख लिहा आणि जिन्याखाली सावलीत ठेवा. दोन वर्षांनी पन्हळ गळून कुठेतरी हातभर गिलावा निघेल, तेव्हा आजच्यापेक्षा चांगला चुना घरातच तयार असेल.